बेस कॅम्पवरचा कचरा जाळायचा की पुरायचा?

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे नंतर वाचणाऱ्यांनाही उत्तर कशाचं आहे ते कळेल. आठ जणांची तुकडी, ऑगस्ट महिना. हिमाचलमधल्या लाहौलच्या बातलहून वर चढून चंद्रभागा समूहातलं सहा हजार मीटरच्या वरचं एक शिखर. बेस कॅम्पवर बारा दिवस मुक्काम, सोबत स्वयंपाकी, त्याचा मदतनीस आणि दोन हाय अल्टिट्यूड पोर्टर, म्हणजे वरच्या कॅम्पपर्यंत ओझं वाहणारे. कचऱ्याचं विचारलं तेव्हा एजन्सीचा माणूस म्हणाला, ‘जळेल तेवढा जाळतो, उरलेला खड्ड्यात, सगळे तसंच करतात.’ तुम्हाला ते खटकलं, म्हणून तुम्ही विचारलंत: जाळणं बरं की पुरणं?

दोन्ही नको. खरं तर प्रश्नच वेगळा आहे. कचरा खाली कोण आणणार, आणि खाली आणल्यावर तो कुठे जाणार? ही दोन उत्तरं पुण्यातून निघण्याआधी हातात असतील तर वर काहीच अवघड नाही. ती नसतील तर बाराव्या दिवशी थकलेली माणसं काडेपेटी काढणारच. बावीस वर्षं मी लाहौल, स्पिती आणि गढवालमध्ये मोहिमांवर जातोय, त्यातली निम्मी वर्षं सामान आणि शिध्याची जबाबदारी माझ्याकडे होती. पुढचं सगळं त्या अनुभवातून.

पुरण्याचं आधी बोलू. आपण सह्याद्रीत वाढलेली माणसं. पावसाळ्यात केळीची साल टाकली तर पंधरा दिवसांत तिची माती होते. ऊब, ओल, भरपूर माती आणि त्या मातीतले जीव, हे चारही तिथे असतात. चंद्रा नदीचं खोरं म्हणजे थंड वाळवंट. चार हजार मीटरच्या वर दगडगोटे आणि वाळू, मातीचा थर नावाला. वर्षातले सहा-सात महिने सगळं गोठलेलं. कुजवणारे जीव कामाला लागणार कधी? एका वर्षी मोरेनवर, म्हणजे हिमनदीने आणून टाकलेल्या दगडगोट्यांच्या ढिगावर, तंबूची जागा सपाट करताना दगडाखाली एक पाकीट सापडलं. बाकरवडीचं. अक्षरं मराठी, रंग थोडा उडालेला, पण पॅकिंगचं साल स्पष्ट वाचता येत होतं: अकरा वर्षांपूर्वीचं. आत दुमडून ठेवलेल्या वर्तमानपत्राच्या तुकड्यावरची बातमीसुद्धा वाचता आली. आपल्याकडच्याच कुणीतरी नीट घडी करून, दगडाखाली सारून, जबाबदारीने ‘पुरलं’ होतं ते. हातात धरून बराच वेळ बसलो होतो.

शिवाय मोरेन आणि हिमनदी सरकत असते. आज पुरलेलं उद्या वर येतं, फक्त जागा बदलते.

जाळण्याचं तर मी स्वतः केलंय, पहिली काही वर्षं. उंचीवर हवा विरळ, वारा सतत, इंधन कमी. आग धड पेटत नाही, धुमसत राहते. बिस्किटं, नूडल्स, वेफर्स यांच्या वेष्टनांत प्लॅस्टिकच्या थरांमध्ये अॅल्युमिनियमचा पातळ थर असतो. प्लॅस्टिक वितळतं, थर तसाच राहतो, आणि दगडाला चिकटलेला काळा गोळा नंतर खरवडूनही निघत नाही. अशा अर्धवट जळण्यातून निघणारा धूर विषारी असतो आणि काजळी जाऊन बसते जवळच्याच बर्फावर. काळा बर्फ ऊन जास्त शोषतो आणि लवकर वितळतो. आणखी एक गोष्ट: नेपाळमध्ये एव्हरेस्टच्या पायथ्याच्या खुंबू भागातले शेर्पा पर्वताला देवाचं ठिकाण मानतात आणि तिथे कचरा जाळून धूर करणं त्यांना विटाळ वाटतो. तुमचे पोर्टर कुठले आहेत, त्यांना काय वाटतं, हे एकदा विचारून बघा. बहुतेक कुणी विचारतच नाही.

‘सगळे तसंच करतात’ यालाही उत्तर आहे. उत्तराखंडमधलं नंदादेवीचं अभयारण्य १९७४ मध्ये गिर्यारोहकांसाठी खुलं झालं आणि १९८२-८३ मध्ये बंद करावं लागलं. आठ-नऊ वर्षांत मोहिमा आणि ट्रेकर्सनी तिथे एवढी तोडफोड आणि घाण केली होती. पुढे १९९३ मध्ये लष्कराच्या अभियंत्यांच्या मोहिमेने तिथला जुना कचरा खाली आणला. २०१८ मध्ये उत्तराखंडच्या उच्च न्यायालयाने बुग्यालांवर, म्हणजे उंचावरच्या गवताळ कुरणांवर, रात्रीचा मुक्कामच बंद केला. माझ्यानंतरच्या मुलांना चंद्रभागा समूहात जाता यावं असं मला वाटतं, म्हणून हे कळकळीने सांगतोय.

आता परिस्थितीवर काय अवलंबून आहे तेही सांगतो, कारण एकच नियम सगळीकडे चालत नाही. गढवालमध्ये देवदारांच्या जंगलात, अडीच-तीन हजार मीटरवर एक रात्र मुक्काम असेल तर शौचासाठी वीतभर खोल खड्डा, पाण्यापासून सत्तर-ऐंशी पावलं लांब, आणि वर माती. तिथे हे पुरेसं आहे, कारण तिथे माती आहे. खेचरं बेस कॅम्पपर्यंत पोचणार असतील तर वजन उतरवणं सोपं, माणसांच्या पाठीवर असेल तर हिशेब बदलतो. दरीचे नियमही वेगळे असतात. गंगोत्री राष्ट्रीय उद्यानात गोमुखच्या वाटेवर दिवसाला दीडशेच माणसं सोडतात आणि नाक्यावर प्लॅस्टिकच्या वस्तू मोजतात. बातलला कुणीही मोजणार नाही. तिथे तुम्हीच नाका.

सगळ्यात जास्त फरक पडतो तो निघण्याआधीच्या आठवड्यात. सगळा शिधा एका घरी जमवा आणि प्रत्येक वस्तू वेष्टनातून काढून भरा. आम्ही बारा माणसांचा सोळा दिवसांचा शिधा असा भरला तेव्हा दोन गोण्या पुठ्ठा आणि वेष्टनं घरीच निघाली. ती शहरात राहिली, जिथे सुका कचरा उचलायला रोज गाडी येते. वर जाणाऱ्या पिशव्या जाड, पुन्हा वापरता येणाऱ्या, प्रत्येकीवर मार्करने दिवस आणि जेवण लिहिलेलं. कापडी पिशव्या डाळ-तांदळाला उत्तम. आपल्या खाण्यात तर वेष्टन नसलेले पदार्थ किती आहेत! भाजणी, सातूचं पीठ, मेतकूट, बेसन, डिंकाचे लाडू, दाण्याची चटणी. उंचीवर भूक मरते तेव्हा मऊ भात आणि मेतकूट पोटात जातं, महागडं फ्रीज-ड्राय पाकीट अर्धं उरतं. वैयक्तिक खाऊवर मात्र लक्ष ठेवा. शिध्याची यादी तुमच्या हातात असते, पण चॉकलेटं, एनर्जी बार, वेट वाइप्स प्रत्येकाच्या सॅकमधून निघतात. आम्ही निघण्याच्या आदल्या रात्री सगळ्यांच्या सॅक जमिनीवर रिकाम्या करायला लावतो. सुरुवातीला कुरकुर होते, पण करून घ्या. वेट वाइप्स दिसायला कागदी, असतात बहुतेक प्लॅस्टिकच्या धाग्याचे. त्यांच्याऐवजी एक छोटा पंचा.

भाजी मनालीतच निवडून, सोलून घ्या. मटाराची सालं, कोबीची पानं मनालीत गायी खातात. बेस कॅम्पवर ती पडून राहतात. उरलेलं अन्न ‘कावळे खातील’ म्हणून तंबूमागे टाकायचं नाही. पिवळ्या चोचीचे कावळे खातातच, कोल्हे येतात आणि त्यांच्यामागून कुत्री. स्पिती आणि लडाखमध्ये पर्यटकांच्या आणि छावण्यांच्या उरलेल्या अन्नावर वाढलेली भटकी कुत्री ही आज गुराढोरांना आणि वन्यप्राण्यांनाही मोठी डोकेदुखी झाली आहे. म्हणून मोजून शिजवा. स्वयंपाक्याला रोज संध्याकाळी सांगा, उद्या वर कितीजण, खाली कितीजण. आपल्याकडचा पाहुणचाराचा हात सैल असतो, पण तिथे तो आवरावा लागतो. भांड्यांचं पाणी फडक्यातून गाळा, गाळ कचऱ्यात, पाणी ओढ्यापासून लांब पसरून ओता.

आता ज्या गोष्टीबद्दल तुम्ही विचारलंच नाही, आणि जी माझ्या मते सगळ्यात मोठी आहे. मैला. वेष्टनांचा कचरा दिसतो म्हणून सगळे त्यावर बोलतात. हा दिसत नाही. एका मोहिमेत आमची तुकडी बेस कॅम्पच्या आठव्या दिवशी पोटाने आडवी झाली. अकरापैकी सहाजण. शिखराचा दिवस गेला. नंतर ओढ्याच्या कडेने वर चालत गेलो तर पाणी भरायच्या जागेपासून शंभरेक पावलांवर, वरच्या अंगाला, दगडांच्या आडोशाला आमच्याच लोकांनी केलेली घाण. आठ दिवस आम्ही तेच पाणी पीत होतो. दोष कुणा एकाचा नव्हता, जागा ठरवून देणं माझं काम होतं आणि ते मी केलं नव्हतं.

हिमनदीच्या भेगेत टाकलं की संपलं, हाही गैरसमज. अलास्कातल्या डेनालीवर लोकांनी वर्षानुवर्षं भेगांमध्ये टाकलं. हिमनदी ते पोटात घेऊन खाली सरकते आणि पुढे बर्फ वितळतो तिथे उघडं करते, आणि त्यातले जिवाणू दीर्घकाळ तगू शकतात असं तिथल्या अभ्यासात दिसलं. म्हणून तिथे आता गिर्यारोहकांना झाकणाचे छोटे डबे देतात आणि त्यात मैला खाली आणायला लावतात. एव्हरेस्टवर २०१४ मध्ये बेस कॅम्पच्या वर जाणाऱ्या प्रत्येकाने आठ किलो कचरा खाली आणायचा असा नियम झाला, आणि २०२४ पासून खुंबूच्या स्थानिक पालिकेने मैल्याच्या पिशव्याही सक्तीच्या केल्या. आपल्याकडे सक्ती नाही, पण करणं मुळीच अशक्य नाही. आकडा मांडू. माणशी दिवसाला सरासरी दोनशे ग्रॅम धरा. बारा माणसं, बारा दिवस: जवळपास एकोणतीस किलो. खेचर पन्नास-साठ किलो सहज नेतं. म्हणजे अर्ध्या खेचराचं ओझं. आणि उतरताना खेचरं हलकीच असतात, कारण शिधा तुम्ही खाल्लेला असतो.

आमची पद्धत अशी. रंगाची रिकामी, घट्ट झाकणाची वीस लिटरची बादली. शौचाच्या तंबूत दोन बाजूंना सपाट दगड रचून उकिडवं बसता येईल अशी जागा करायची आणि मधे खाचेत बादली ठेवायची. बाजूला मनालीतल्या सुताराकडून आणलेला लाकडाचा भुसा, प्रत्येक वापरानंतर दोन मुठी. लघवी बादलीत नको, ती वेगळ्या ठरवलेल्या जागी, पाण्यापासून लांब. एवढी एक गोष्ट पाळली तर वजन आटोक्यात राहतं आणि वास जवळजवळ येत नाही. भुसा ओल धरतो, थंडी बाकीचं काम करते. कागद, पॅड, वाइप्स बादलीत नाहीत, त्यांची वेगळी पिशवी. दिवसाआड बादली निळ्या साठ लिटरच्या ड्रममध्ये रिकामी करायची. ड्रम दोन, दोन-तृतीयांशच भरायचे. खेचराच्या दोन बाजूंना एकेक, वजन सारखं. रिकामं करायची पाळी सगळ्यांना, आणि पहिली पाळी नेत्याची. स्वयंपाक्याच्या मदतनीसावर हे काम कधीही ढकलू नका. मैला उचलणं हे ठरावीक माणसांचं काम, ही सवय आपल्या समाजात किती खोल आहे ते आपल्याला माहीत आहे. ती डोंगरावर न्यायची नाही.

बादलीत प्लॅस्टिकची पिशवी घालायचा मोह होईल. घालू नका, कारण शेवटचा मुक्काम त्यावर ठरतो. कुंझुमची खिंड ओलांडून स्पितीत उतरलं की पहिलं गाव लोसर. स्पिती-लडाखमध्ये कोरड्या संडासाची जुनी पद्धत आहे: वरच्या खोलीत भोक, खालच्या खोलीत माती आणि राखेत मिसळून मैल्याचं खत होतं आणि ते शेतात जातं. भुसा मिसळलेला, प्लॅस्टिक नसलेला मैला अशा संडासाच्या खालच्या खोलीत चालतो. पण आधी विचारायचं, जाताना भेटून, चहा पीत, समोरासमोर. मला दोन गावांत हो मिळालं, एका ठिकाणी नाही म्हणाले. तो त्यांचा हक्क. तेव्हा ड्रम टेम्पोच्या टपावर बांधून मनालीला आणले आणि ओळखीच्या लॉजच्या सेप्टिक टँकमध्ये, मालकाच्या परवानगीने रिकामे केले. तुमची गाडी परतीला लोसरकडे वळणार नसेल तर हा दुसरा मार्ग आत्ताच पक्का करा.

वरच्या कॅम्पला बादली जात नाही. तिथे वर्तमानपत्राच्या कागदावर, मग मूठभर भुसा घातलेल्या झिपच्या पिशवीत, ती दुसऱ्या जाड पिशवीत, आणि सगळं रुंद तोंडाच्या फिरकीच्या झाकणाच्या बरणीत. बरणी सॅकच्या बाहेर बांधा. या पिशव्या मात्र बेस कॅम्पवर उघडत बसू नका. त्या वेगळ्या बंद करून, वर खूण करून शहरापर्यंत आणा आणि डायपर-पॅडच्या कचऱ्यासारख्या द्या. तुकडीत मुली असतील तर पॅडचं काय करायचं हे पहिल्याच बैठकीत सगळ्यांसमोर, सरळ शब्दांत बोला. आम्ही प्रत्येकीला एक अपारदर्शक झाकणाचा डबा देतो. ज्यांना पाळीचा कप वापरायची सवय आहे त्यांचा प्रश्नच मिटतो, पण ती सवय मोहिमेवर पहिल्यांदा लावायची नसते.

गॅसच्या डब्यांचं थोडक्यात. प्रत्येकीवर क्रमांक लिहा, जितक्या गेल्या तितक्या परत. पूर्ण रिकामी झाल्याची खात्री झाल्यावर, उघड्यावर, कुठलीही आग जवळ नसताना भोक पाडून चपट्या करा, तरच भंगारवाला घेतो. डबाबंद फळांचे डबे, पुठ्ठा, बाटल्या मनालीत भंगारात जातात. बॅटऱ्या आणि थरांची वेष्टनं घरी परत आणा. फार वजन नसतं त्यांचं.

खेचरवाल्यांशी बोलणी ठरवताना कचऱ्याचं ओझं परतीच्या करारात लिहूनच घ्या: इतके ड्रम, इतक्या गोण्या. ड्रममध्ये काय आहे ते लपवू नका. एकदा आमच्याकडून सांगायचं राहिलं आणि निघायच्या सकाळी त्या माणसाने खेचरं सोडवून घेतली. चूक आमची होती. आता आधी सांगतो, झाकण लावून, ड्रम उलटा करून दाखवतो आणि त्या खेचराचे थोडे जास्त पैसे देतो. कुणी नाही म्हटलेलं नाही.

आणि काही वेळा सगळं ठरवूनही राहून जातं. वादळ येतं, कुणाच्या फुप्फुसात पाणी होतं, रात्रीतून खाली आणावं लागतं. अशा वेळी तंबू, दोर, पिशव्या सगळं सोडा. माणूस आधी, यात वाद नाही. एकदा आम्ही पहिल्या कॅम्पवर एक तंबू आणि सहा गॅसच्या डब्या सोडून उतरलो. जागेचे जीपीएस आकडे टिपून ठेवले आणि त्या दरीत पुढच्या हंगामात जाणाऱ्या एका क्लबला दिले. त्यांनी चार डब्या आणि तंबूचे बांबू खाली आणले. बाकीचं मिळालं नाही. मोहिमेच्या अहवालात काय राहिलं ते प्रामाणिकपणे लिहा, म्हणजे कुणीतरी शोधू शकतं.

शेवटी तुम्ही विचारलंय की आठातले पाच नवखे आहेत, त्यांना हे कसं पटवू. भाषण नको. दोन कागद करा: वर गेलेल्या वस्तूंची यादी आणि खाली आलेल्यांची, तीच माणसं, तेच रकाने. नवख्यांपैकीच एकाला त्याची जबाबदारी द्या. आमच्या मागच्या मोहिमेत हे काम एकोणीस वर्षांच्या मुलीकडे होतं. खेचरं लादून झाली होती, सगळे निघायच्या घाईत, आणि ती वही घेऊन उभी: गॅसची चौदा नंबरची डबी नाही. वीस मिनिटं सगळी तुकडी दगड उलटे करत होती. डबी सापडली स्वयंपाकाच्या तंबूच्या जागेवर, एका फटीत. तिने यादीवर खूण केली, मग निघालो.

बातलकडे उतरताना चंद्रा नदी नजरेस पडते. पुढे तांदीला ती भागेला मिळून चंद्रभागा होते. आपल्या पंढरपूरची नाही, पण नाव तेच. निघायची तारीख पक्की झाली की ड्रमच्या झाकणातली रबरी रिंग तपासून घ्या. जुनी असेल तर मनालीत मिळेलच असं नाही, पुण्यातूनच नवी न्या.